नाहीतर काय?

टेंभुर्णी, ता. जाफ्राबाद
१४ सप्टेंबर

अक्षता,

जय भीम.

पाकिटावर माझं अक्षर दिसलं असतं तर तू ते न उघडताच बाजूला टाकलं असतंस. म्हणून पत्ता नागसेनकडून लिहून घेतला. आता उघडलंच आहेस, तर पूर्ण वाच.

फोन तू उचलत नाहीस आणि मीही आता लावत नाही. माझं म्हणणं आजही तेच आहे. घरमालक येणार म्हणून बाबासाहेबांचा फोटो हॉलमधून काढून कपाटात ठेवणं मला तेव्हा पटलं नाही आणि पुढेही पटायचं नाही. तुझ्या पुण्याच्या घरातून मी पाणी न पिता निघाले, ते बरोबरच केलं. पण हे पत्र त्यासाठी नाही.

काम असं आहे की माझ्या वर्गात एक मुलगी आहे. तशी हुशार आहे, पण इंग्रजीत अडते. 'अदरवाइज' या शब्दाशी तिचं जमत नाही. मी तिला शिकवलं, अदरवाइज म्हणजे नाहीतर. अभ्यास कर, अदरवाइज नापास होशील. एवढं तिला कळतं. पण परवा सराव पेपरात एक वाक्य आलं, रस्ता खराब होता पण प्रवास अदरवाइज छान झाला. यात 'नाहीतर' घालून बघ बरं. प्रवास नाहीतर छान झाला! पोरीनं घाबरून भलताच गोल काळा केला. तू कॉलेजात इंग्रजी शिकवतेस. सोप्या मराठीत दोन ओळी लिहून पाठव.

कळावे,
सुमेधा

ता. क. पाकीट चिकटवलं होतं, ते परत फाडलं. पाचवीतल्या पोरीला गोल काळे करायचे पेपर कुठून आले, हे तुझ्या लगेच लक्षात येणार. ताकाला जाऊन भांडं कशाला लपवू? ती मुलगी मीच आहे.

नोकरीतल्या जुन्या शिक्षकांनीही आता पात्रता परीक्षा द्यायची आहे. ठरलेल्या मुदतीत पास व्हायचं. आम्हाला जो कागद आला त्याची शेवटची ओळ 'अन्यथा'नं सुरू होते. हा शब्द मी नोकरीभर वाचत आले. माहिती आजच सादर करावी, अन्यथा कार्यवाही करण्यात येईल. आम्ही चहा पीत हसायचो, कारण कार्यवाही कधी व्हायचीच नाही. या वेळी स्टाफरूममध्ये कुणी हसलं नाही. मुख्याध्यापक शिवाजी सरांनी चष्मा काढून पुसला आणि परत घातलाच नाही.

मला भीती वाटते, अक्षे. नोकरी गेली तर घर नागसेनच्या मोटार रिवाइंडिंगच्या दुकानावर चालेल, कसंबसं चालेलही. पण गावात काय बोलतील ते मला आत्ताच ऐकू येतं. सवलतीतून लागलेले हे असेच, म्हणतील. आईनं दुसऱ्यांच्या रानात कापूस वेचून आपल्याला शिकवलं, ते हे ऐकायला नाही. नवरा असला तरी नागसेनला मी एवढंच सांगितलंय की परीक्षा आहे, किरकोळ आहे.

---

१२ ऑक्टोबर

अक्षता,

जय भीम.

तुझं पाकीट आलं. आत एकच छापलेला कागद. ना जय भीम, ना ताई, ना खाली सही. वर मथळा 'अदरवाइज' आणि खाली अर्थ. आपल्या मेलेल्या आईची शपथ, राग आला. मग वाचला. मग पुन्हा वाचला. चांगलं शिकवतेस तू.

तर पहिला अर्थ मला येतोच, नाहीतर. तुझं उदाहरण, हळू बोला, अदरवाइज खाली घरमालकाला ऐकू जाईल. दुसरा अर्थ, तेवढी गोष्ट सोडली तर बाकी. ह्यांची बदली झाली, अदरवाइज आम्ही ठीक आहोत. तिसरा, वेगळं किंवा उलट. सगळे म्हणतात मी निष्ठुर आहे, मला अदरवाइज वाटतं. कागदाच्या तळाशी तू टीप दिलीस की वाक्यात शब्द कुठं बसलाय ते आधी बघावं. सुरुवातीला धमकी असते, मध्ये बहुतेक दिलासा असतो, आणि 'वाटतं', 'म्हणतो' अशा क्रियापदामागे आला की मतभेद. ही टीप कुठल्या पुस्तकात नाही, ही तुझी. तीन वाक्यांत तू तीन बातम्याही कळवल्यास. भाऊजींची बदली कुठं झाली? उत्तर दिलं नाहीस तरी चालेल. म्हणजे दिलंस तर बरं.

मी रविवारी जालन्याला क्लासला जाते. गावात क्लास आहे, पण तो माझ्याच विद्यार्थ्याचा आहे. त्याला मी बाकावर उभं केलेलं आहे. त्याच्या समोर मी कशी बसू? म्हणून पहाटेची एसटी धरते. जालन्यात उतरल्यावर गाडीवरच्या पोरी बांधतात तसा स्कार्फ डोळ्यांपर्यंत बांधते आणि तसाच बांधून वर्गात बसते. पहिल्या दिवशी मास्तरनं विचारलं, "ताई, तब्येत बरी न्हाई का?" मी मान हलवली. धुळीची ॲलर्जी.

गेल्या रविवारी शेवटच्या बाकावर एक माणूस टोपी आणि मास्क लावून बसला होता. खोकला ओळखीचा वाटला. सुटीत तो चहाच्या टपरीमागे उभा राहून मास्क खाली करून बिस्कीट खाऊन राह्यलता. बघते तर आमचे शिवाजी सर! मला बघून त्यांच्या हातातलं बिस्कीट चहात पडलं.

"मॅडम, कुनाला सांगू नका," ते म्हणाले. "घरी सांगितलंय का शिबिराला जाऊन राह्यलो."

"मी पण तेच सांगितलंय, सर."

मग आम्ही दोघं हसलो. हसता हसता त्यांचे डोळे भरून आले आणि ते पाठ फिरवून पैसे द्यायला गेले. निवृत्तीला काही वर्षं उरलेला माणूस, शाळेत ज्याच्या आवाजानं पोरं ओळीत उभी राहतात. 

उर्दू शाळेतल्या साजिया मॅडम मात्र उघड्या तोंडानं येतात. म्हणतात, "डरने का क्या उसमें? मी बिलकुल लपत न्हाई. पास झाले तर झाले." पण जाताना एसटीत माझा हात धरून बसतात आणि त्यांचा हात बर्फासारखा गार असतो.

'हाउएव्हर'चाही असाच एक कागद पाठव. त्याचं मला अजून नीट कळत नाही.

सुमेधाताई

---

२५ नोव्हेंबर

अक्षे,

परवा परीक्षा झाली. काय झालं ते अजून घरात सांगितलेलं नाही. तुला सांगते, कारण तू लांब आहेस आणि तसंही माझ्यावर रागावलेलीच आहेस, आणखी काय रागावशील.

केंद्र जालन्यातच होतं. गेटवर बांगड्या काढायला लावल्या, कानातलं काढायला लावलं. नागसेन बाहेर रुमालात सगळं बांधून उभा राहिला. हॉलमध्ये सगळे आमच्यासारखेच जुने शिक्षक. माझ्या पुढच्या बाकावर साजिया मॅडम, त्यांच्या पुढे शिवाजी सर. कोपऱ्यात कॅमेरा. सुपरवायझर एक कोवळा पोरगा होता. कुठल्या तरी खासगी कॉलेजातला असावा.

इंग्रजी आधी सोडवलं. अदरवाइज एकदाही आला नाही. हाउएव्हर आला, आणि तुझ्या दुसऱ्या कागदामुळे तो जमला. मराठीही झालं. मग गणिताला आले आणि कुठं काय बिनसलं माहीत नाही. पाण्याच्या टाकीचं उदाहरण होतं. दोन नळ भरतात, एक रिकामी करतो. मी असली उदाहरणं पोरांना फळ्यावर डोळे मिटून करून देते. तिथं मला आकडेच दिसेनात. कानात आवाज सुरू झाला.  मनात एकच वाक्य फिरत होतं, हे आलं नाही तर, हे आलं नाही तर. पुढे काही नाही, नुसतं तेवढंच.

तेवढ्यात घंटा झाली. इशाऱ्याची घंटा. वेळ अजून उरला होता.

अक्षे, मी उठून उभी राहिले.

कशी उठले ते मला सांगता येत नाही. आयुष्यभर त्या घंटेला मी उभीच राहत आले. बाकांच्या मधून फिरत आले. परीक्षा हॉलमध्ये बाकावर बसणं माझ्या पायांना ठाऊकच नव्हतं. मी उभी राहिले आणि माझ्या त्या आवाजात म्हणाले, "चला, पेन खाली ठेवा. आता कुणी लिहायचं नाही."

आणि सगळ्यांनी पेन खाली ठेवले!

हॉलमधल्या एकूण एक मास्तरांनी आणि बायांनी ठेवले. एकानंही मान वर करून विचारलं नाही की बाई, तुम्ही कोण. मी पुढे झाले, साजिया मॅडमची उत्तरपत्रिका उचलली, मग शिवाजी सरांपुढे हात केला. "सर, द्या." त्यांनी दिली. निमूट दिली! तो पोरगा सुपरवायझर दारात होता. त्यालाही क्षणभर वाटलं असावं की वरून कुणीतरी आलंय. मग तो ओरडला. तेव्हा मला माझ्या हातातले कागद दिसले.

पुढचं सांगण्यासारखं नाही. माझी उत्तरपत्रिका वेगळ्या पाकिटात घातली. दुसऱ्यांच्या उत्तरपत्रिका हाताळल्या, कॉपीचा संशय, असा रिपोर्ट लिहिला. कॅमेऱ्यात सगळं आहे. त्या गडबडीत बाकीच्यांचा वेळ गेला. बाहेर साजिया मॅडम मला म्हणाल्या, "माझे सवाल राह्यलते हो. तुमी बोल्या आन् माझा हातच थांबला." रागानं नाही म्हणाल्या, नवलानं म्हणाल्या. ते जास्त लागलं.

नापास झाले असते तर पुन्हा बसता आलं असतं. कॉपीचा शिक्का बसला तर पुन्हा बसायलाच मिळणार नाही. नोकरी लगेच जाईल आणि तीही चोर म्हणून. मी, जी पोरांच्या मोज्यांतून चिठ्ठ्या काढते. नागसेननं रुमाल सोडून बांगड्या दिल्या. "सोपा होता का पेपर?" त्यानं विचारलं. मी म्हटलं, होता.

जेवण जात नाही. दारात मोटारसायकल थांबली की मी मागच्या खोलीत जाऊन बसते.

तुझी ताई

---

१० डिसेंबर

अक्षे,

नोटीस आली. खुलासा सादर करावा, अन्यथा आपले काही म्हणणे नाही असे गृहीत धरण्यात येईल.

नागसेनला सगळं सांगावं लागलं. तो बराच वेळ वाइंडिंगची तार बोटाला गुंडाळत बसला. मग म्हणाला, "येवढं लपवून ठेवलं तू? मी गेटापाशी उभा व्हतो ना गं."  मला वाटलं होतं तो चिडेल. चिडला असता तर बरं झालं असतं.

शिवाजी सर घरी आले. दार लोटून घेतलं आणि हळूच म्हणाले, "मॅडम, बीपी वाढलं आन् भान राह्यलं न्हाई असं लिहा. मेडिकल जोडू. डॉक्टर आपल्या ओळखीचा हाये."

नागसेनचंही तेच. "लिहून टाक ना मंग. कुनाचं काय जातंय?"

आणि काल तुझं पाकीट आलं. नोटीस येणारच हे ओळखून तू खुलासाच तयार करून पाठवलास. चक्कर, अंधारी, रक्तदाब, सगळं व्यवस्थित. सोबत पहिल्यांदाच हातानं लिहिलेली ओळ होती, 'ताई, घाबरलेला माणूस काय करतो ते आता तुला कळलं असेल.'

फोटोबद्दल लिहिलंस ते. न समजायला मी काही लहान नाही.

तर ऐक. भीती कळली. तू हळू का बोलतेस, घरमालकाच्या पावलांकडे कान लावून का बसतेस, ते कळलं.  फोटो काढणं मात्र मला अजूनही पटलेलं नाही. तेवढं सोडलं तर तू चांगली बाई आहेस. बघ, तुझा दुसरा अर्थ बरोबर वापरला.

तुझा खुलासा मी देणार नाही. चिडू नकोस. मला चक्कर आली नव्हती. उलट, त्या हॉलमध्ये तेवढा एकच क्षण असा होता की मला भीती वाटत नव्हती. मला जे काम न घाबरता येतं ते माझ्या हातापायांनी केलं. हे मी आजार म्हणून लिहून दिलं तर उद्या वर्गात उभी राहताना मलाच वाटेल की हाही आजारच. मी खरं तेच लिहिलंय. भीतीने मन रिकामे झाले, घंटा ऐकली आणि सवयीने पर्यवेक्षकाचे काम करू लागले. कोणाचेही उत्तर पाहिले नाही. संपलं.

लिहून झाल्यावर वाचलं तर ते मलाच खोटं वाटलं. चक्कर आली म्हटलं तर कुणीही विश्वास ठेवेल, आणि हे? यावर कोण विश्वास ठेवणार गं? पोस्टात पाकीट हातात धरून एवढा वेळ उभी राहिले की तिथल्या उषाबाईंनी पाणी दिलं. पाकीट पेटीत गेलं आणि लगेच वाटलं, काढून घ्यावं. आता निघत नाही.

रात्री नागसेनला विचारलं, त्यांनी मानलं नाही तर? तो म्हणाला, "तर तू दुकानात बस. पावत्या तरी बराबर फाडशील." आणि कूस बदलली. तो झोपला नव्हता.

ताई

---

८ जानेवारी

अक्षे,

जय भीम.

काल जालन्याला सुनावणी झाली. फोन करावा असं वाटलं, पण तू उचलला नसतास तर मला ते सोसलं नसतं. म्हणून स्पीड पोस्ट.

टेबलामागे शिक्षण खात्याचे साहेब, बाजूला लिहून घेणारे एक कारकून आणि तो पोरगा सुपरवायझर. साक्षीला साजिया मॅडम आणि शिवाजी सर. माझी बोबडी वळली होती. साहेबांनी नाव विचारलं तर मी शाळेचं नाव सांगितलं.

साहेबांनी माझा खुलासा मोठ्यानं वाचला. वाचताना त्यांचे ओठ वाकडे झाले. "बाई, सवयीनं कोणी दुसऱ्याचे पेपर उचलतं का? आणि तुम्ही म्हटलं म्हणून सगळ्या हॉलनं पेन खाली ठेवले? हे मी मानायचं?"

साजिया मॅडम उठल्या. "साहेब, माझे सवाल बाकी व्हते. सगळ्यात जास्त नुकसान माझं झालं. तरी सांगते, मॅडमनी माझ्या पेपरात बघितलं पन न्हाई. उचलला आन् उलटा धरला. आपन पोरांचे पेपर घेतो तसा."

शिवाजी सरांनी बीपीचं काहीतरी बोलायला तोंड उघडलं. मी त्यांच्याकडे बघितलं. ते थांबले. मग म्हणाले, "साहेब, मी मुख्याध्यापक हाये. ह्या माझ्या हाताखाली काम करतेत. ह्यांनी हात पुढं केला आन् मी पेपर देऊन टाकला. का दिला म्हनाल तर मला बी सांगता येत न्हाई."

साहेब म्हणाले, "असं? मग बाई, काय म्हणालात ते जरा म्हणून दाखवा."

 मी खुर्चीचा हात धरून उठले.  कुठून सुरू करू ते कळेना, म्हणून मी डोळे मिटले आणि पाचवीचा वर्ग समोर आणला. आणि म्हणाले, "चला, पेन खाली ठेवा. आता कुणी लिहायचं नाही."

 मी डोळे उघडले. लिहून घेणाऱ्या कारकुनांनी पेन खाली ठेवलं होतं. साहेबांनी त्यांच्याकडे बघितलं, मग स्वतःच्या हाताकडे बघितलं. त्यांचंही पेन टेबलावर होतं.

साजिया मॅडमना हसू आवरेना. तोंडावर ओढणी धरली त्यांनी. साहेब हसले नाहीत. त्यांनी पेन पुन्हा उचललं. मग म्हणाले, "माझ्या शाळेतही एक अशा बाई होत्या." आणि कागदावर काहीतरी लिहिलं. गैरप्रकार आढळून येत नाही, सक्त ताकीद देऊन उत्तरपत्रिका तपासावी. ज्यांचा वेळ गेला त्यांच्याबद्दलही वर कळवतो म्हणाले. कळवतील का, कुणास ठाऊक. साजिया मॅडमचं काही वाईट झालं तर मी त्यांना तोंड दाखवू शकणार नाही.

 बाहेर आल्यावर नागसेननं मला रसवंतीवर नेऊन बसवलं. सगळे म्हणाले, सुटलात मॅडम. मीही हो म्हटलं.

पण अक्षे, मी सुटलेले नाही. चोर नाही एवढंच ठरलं. माझी टाकी तशीच राहिली आहे, ती आणि तिच्या पुढची सगळी गणितं. येत्या आठवड्यात निकाल लागेल म्हणतात. शाळेत सगळे मोबाइलवर आपापला निकाल बघतील आणि मग माझ्याकडे बघतील. त्या वेळी मी कसा चेहरा करू? मी रोज सकाळी उठते ती ही भीती घेऊनच उठते. वर्गात शिकवताना तेवढी विसरते. फळा पुसला की परत येते.

निकाल मी बघणार नाही. माझ्यात ती हिंमत उरलेली नाही, आणि नागसेनच्या तोंडून ऐकायचं म्हटलं तर तो मला वाचवायला खोटं बोलेल. तू खोटं बोलणार नाहीस. माझा सीट नंबर या पत्राच्या मागे लिहिला आहे. तू बघ.

पास असेन तर फोन कर, पहिल्या रिंगला उचलीन. नापास असेन तर फोन करू नकोस. एसटी धर आणि ये.

ताई